मंगळाचा होकार



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते ते विज्ञानाचे शिक्षक होते. एवढा धागा मला पुरेसा आहे. निमंत्रणपत्रिकेत आजचा विषय ‘मंगळ आणि जीवसृष्टीचा शोध’ असा छापलाय. तो वाचून कुणी रॉकेटांची आणि रोव्हरांची चित्रं बघायला आलं असेल तर त्यांची निराशा होईल, हे आधीच सांगून टाकतो. पडदा लावलेलाच नाही. मी महाविद्यालयात सूक्ष्मजीवशास्त्र शिकवलं. काचेच्या बशा, ऑटोक्लेव्ह आणि विद्यार्थ्यांनी खराब केलेली कल्चर्स यांत माझी नोकरी गेली. मंगळाकडे मी वळलो तो एका प्रयोगामुळे. १९७६ च्या जुलै महिन्यात एका यंत्रानं मंगळावरच्या चिमूटभर मातीला विचारलं, तुझ्यात कुणी जिवंत आहे का? यंत्र पाठवणाऱ्यांनी आधी ठरवून दिलेल्या कसोटीप्रमाणे उत्तर आलं, हो. आणि बहुतेक शास्त्रज्ञांनी ते ‘नाही’ असं वाचलं. असं का वाचलं, ते योग्य होतं का, आणि आज पुन्हा तसाच पेच समोर असताना त्यातून काय घ्यायचं, एवढंच मला बोलायचंय.

मंगळ तसा आपल्या भावकीतलाच. तिथला दिवस आपल्यापेक्षा जेमतेम चाळीस मिनिटांनी मोठा, अक्षाचा कल जवळपास आपल्याइतकाच, म्हणून ऋतूही आहेत, ध्रुवांवर बर्फ आहे. (पत्रिकेतल्या मंगळाबद्दल मात्र मला विचारू नका. त्याच्या नावावर मोडलेली लग्नं मीही पाहिली आहेत, आणि त्यात त्या ग्रहाचा काही दोष नव्हता.) एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस पर्सिव्हल लोवेल या धनाढ्य अमेरिकन गृहस्थानं ॲरिझोनात फ्लॅगस्टाफला स्वतःची वेधशाळा बांधली आणि मंगळावरच्या कालव्यांचे नकाशे काढले. कालवे नव्हतेच. पण त्या कल्पनेनं दोन पिढ्यांच्या डोक्यात घर केलं.

ते घर पाडलं मरिनर-४ या यानानं, १९६५ च्या जुलैत. मंगळाजवळून नुसतं सरकत जाताना त्यानं एकवीस छायाचित्रं आणि बाविसाव्याचा एक तुकडा टिपला. एकेक चित्र पृथ्वीवर पोचायला आठ तासांहून अधिक वेळ लागत होता, आणि येत होते ते नुसते आकडे. पासाडेनाच्या जेट प्रोपल्शन लॅबोरेटरीतल्या इंजिनिअरांना संगणकानं चित्र जुळवेपर्यंत धीर निघेना. त्यांनी आकडे छापलेल्या कागदी पट्ट्या भिंतीवर शेजारीशेजारी चिकटवल्या, चित्रकलेच्या दुकानातून रंगीत खडू आणले आणि प्रत्येक आकड्याला एक रंग देऊन पट्ट्या हातानं रंगवल्या. अवकाशयानानं पाठवलेलं मंगळाचं पहिलं जवळचं चित्र असं खडूनं भरलेलं आहे. मागाहून नीट चित्रं आली तेव्हा दिसली ती चंद्रावर असतात तशी विवरं. हवेचा दाब आपल्या एक टक्क्याहूनही कमी निघाला. उघड्यावर पाणी ठेवलं तर ते एकतर गोठेल नाहीतर उडून जाईल. वर्तमानपत्रांनी मंगळ मृत असल्याचं जाहीर केलं. १९७१ मध्ये मरिनर-९ मंगळाभोवती फिरू लागलं आणि धुळीचं वादळ निवळल्यावर त्याला कोरड्या नद्यांची पात्रं दिसली. म्हणजे कधीकाळी पाणी वाहिलं होतं. जाहीर झालेला मृत्यू मागे घ्यावा लागला.

या पार्श्वभूमीवर अमेरिकेनं व्हायकिंग नावाची दोन यानं पाठवली. त्या काळचे सुमारे एक अब्ज डॉलर खर्च झाले. पहिलं २० जुलै १९७६ ला क्रायसी नावाच्या मैदानावर उतरलं, दुसरं ३ सप्टेंबरला युटोपिया मैदानावर. उड्डाणाआधी दोन्ही यानं भट्टीत घालून जवळपास ११२ अंशांवर तासन्‌तास तापवली होती, का, तर आपलेच जंतू तिथं पोचू नयेत आणि आपल्यालाच सापडू नयेत. प्रत्येक यानात साधारण घनफूटभर जागेत जीवशास्त्राचे तीन प्रयोग बसवलेले होते. त्यांपैकी एकाबद्दलच मी सविस्तर बोलणार आहे.

तो प्रयोग गिल्बर्ट लेव्हिन यांचा. हे गृहस्थ खगोलशास्त्रज्ञ नव्हते, जीवशास्त्रज्ञही नव्हते. ते सॅनिटरी इंजिनिअर. पिण्याच्या पाण्यात सांडपाणी मिसळलंय का, हे लवकर कसं ओळखावं, या सार्वजनिक आरोग्य खात्यातल्या रोजच्या डोकेदुखीतून त्यांची युक्ती निघाली. जंतूंना खायला असं काही द्यायचं की ज्यातला कार्बन किरणोत्सारी आहे. जंतूंनी ते खाल्लं की त्यांच्या उच्छ्वासाच्या वायूत तोच कार्बन बाहेर पडणार, आणि किरण मोजणारं उपकरण टिकटिकणार. वसाहत वाढून डोळ्यांना दिसेपर्यंत थांबायला नको. नगरपालिकेच्या पाण्यासाठी निघालेली ही पद्धत मंगळावर गेली. जीवसृष्टीचा शोध पुष्कळदा कवी-तत्त्वज्ञांच्या नावावर जमा होतो, म्हणून मला या गटारांच्या इंजिनिअरचं विशेष कौतुक आहे.

आता ती कृती बघा. यानाच्या हातानं माती उचलली, चाळली. त्यातली अर्धा घनसेंटिमीटर माती एका छोट्या बंद पात्रात पडली. वरून एक-दोन थेंब पातळ खाद्यद्रव सोडला. त्यात ग्लायसीन, अलानिन, लॅक्टेट असे सात साधे कार्बनी पदार्थ होते, सगळे किरणोत्सारी कार्बनचे. मग पात्रातला वायू मोजत बसायचं. ३० जुलैला पहिल्या यानावर हे झालं. थेंब पडल्याबरोबर वायू सुटायला लागला. मोजणीचे आकडे पाचशेच्या आसपास होते ते चढत चढत मिनिटाला हजारोंच्या घरात गेले आणि मग सपाट झाले. लेव्हिन आणि त्यांच्या सहकारी पॅट्रिशिया स्ट्राट यांच्यासमोर जो आलेख उमटला, तो पृथ्वीवरच्या जिवंत मातीच्या आलेखासारखा होता.

शाळेच्या प्रयोगवहीत साहित्य, कृती, निरीक्षण आणि अनुमान असे रकाने असतात, आणि निरीक्षणाच्या रकान्यात अनुमान लिहिलं की शिक्षक लाल शाईनं खोडतात. लेव्हिन यांना हे पक्कं ठाऊक होतं. म्हणून प्रयोगाला कंट्रोल होता. त्याच मातीचा दुसरा भाग आधी १६० अंशांवर तीन तास भाजायचा. त्यात काही जिवंत असेलच तर ते मरेल. मग तेच थेंब सोडायचे. भाजलेल्या मातीतूनही वायू आला तर ती निव्वळ रासायनिक क्रिया. नाही आला तर जिवंत काहीतरी होतं. उड्डाणाआधी ठरलेली कसोटी ही. भाजलेल्या मातीतून काहीही आलं नाही. पुढं युटोपियातही तसंच झालं. पन्नासेक अंशांपर्यंतच तापवलेल्या मातीत क्रिया पार मंदावली, महिनोन्‌महिने अंधारात बंद राहिलेल्या मातीत ती जवळपास थांबली, आणि दगड सरकवून त्याच्याखालची, उन्हाचं तोंडही न पाहिलेली माती घेतली तेव्हा ती पुन्हा दिसली. माझ्या प्रयोगशाळेत एखाद्या विद्यार्थ्यानं असा निकाल आणला असता तर मी डोळे झाकून सही केली असती.

मग विश्वास का ठेवला नाही?

पहिलं कारण लेव्हिन यांच्याच प्रयोगात होतं. काही दिवसांनी त्याच मातीवर दुसऱ्यांदा खाद्यद्रव सोडला. विरजण लागलेल्या भांड्यात आणखी दूध ओतलं तर त्याचंही दही होतं. जंतू असतील तर त्यांनी दुसऱ्या पंगतीवरही ताव मारायला हवा. इथं नवा वायू आला नाही, उलट आधी सुटलेल्यापैकी थोडा पुन्हा मातीत शोषला गेला. दुसरं कारण शेजारच्या प्रयोगात होतं. व्हान्स ओयामा यांच्या उपकरणात माती नुसती दमट झाली तरी तिच्यातून भसकन ऑक्सिजन सुटला, आणि तो भाजलेल्या मातीतूनही सुटला. म्हणजे या मातीत काहीतरी तीव्र ऑक्सिडीकारक होतं, पाण्याची वाटच बघत बसलेलं. नॉर्मन हॉरोविट्झ यांच्या तिसऱ्या प्रयोगातून आलं ते फार क्षीण.

आणि शेवटचा घाव घातला क्लाउस बीमन यांच्या उपकरणानं. ते जीवशास्त्राच्या पेटीत नव्हतंच. मातीतले कार्बनी रेणू शोधणं हे त्याचं काम. माती पाचशे अंशांपर्यंत तापवायची, निघणारी वाफ वेगळी करून एकेक रेणू ओळखायचा. अब्जात काही भाग एवढं सूक्ष्म प्रमाणही त्याला कळे. त्याला काही सापडलं नाही. उल्कांमधून पडणारा कार्बन तरी दिसायला हवा होता, तोही नाही. दिसले ते क्लोरिनचे दोन साधे रेणू, क्लोरोमिथेन आणि डायक्लोरोमिथेन. असले पदार्थ यंत्रं धुवायला वापरतात. ते पृथ्वीवरूनच चिकटून आले असणार, असं ठरलं. देहच नाही तर प्राण कुठला, हा युक्तिवाद बिनतोड होता. अहवालात ‘जीवसृष्टी नाही’ हेच मत प्रबळ राहिलं. लेव्हिन एकटे पडले. १९९७ पासून तर ते उघडपणे म्हणत राहिले की आम्हाला मंगळावर जीव सापडलाय, आणि २०२१ मध्ये, सत्त्याण्णवाव्या वर्षी, तेच म्हणत गेले.

इथं आणखी एका माणसाची आठवण काढायला हवी. वुल्फ विश्नियाक हे रॉचेस्टर विद्यापीठातले सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ. व्हायकिंगवर त्यांचाही प्रयोग जाणार होता, खाद्यद्रवात जंतू वाढले की तो गढूळ होतो हे टिपणारा, आम्हा मंडळींच्या रोजच्या वापरातला. १९७२ मध्ये खर्च कमी करताना तो गळला. विश्नियाक अंटार्क्टिकाच्या कोरड्या दऱ्यांत गेले. तिथली माती इतकी शुष्क की हॉरोविट्झ यांच्या गटानं तिच्यातल्या काही जागा निर्जंतुक असल्याचं म्हटलं होतं. तसं असेल तर मंगळावर आशाच नको. विश्नियाकांनी त्या मातीत काचेच्या पट्ट्या पुरून ठेवल्या आणि त्यांवर जंतूंची वाढ दाखवली. डिसेंबर १९७३ मध्ये अशाच पट्ट्या आणायला गेलेले असताना ते कड्यावरून पडून वारले. मंगळावरच्या एका विवराला आता त्यांचं नाव आहे. मला मात्र सारखं वाटतं, १९७६ च्या त्या उन्हाळ्यात पासाडेनातल्या चर्चेत तो माणूस हवा होता. लेव्हिन यांना नुसता पाठिंबा नको होता. मातीशी झटलेला सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ शेजारी हवा होता.

व्हायकिंगनंतर एकवीस वर्षं मंगळावर काहीही नीट उतरलं नाही. आणि नासानं मातीला खाऊ घालून ती श्वास घेते का हे विचारणारा प्रयोग आजतागायत पुन्हा पाठवलेला नाही.

२००८ च्या मे महिन्यात फिनिक्स हे यान मंगळाच्या उत्तर ध्रुवाजवळ उतरलं. त्यानं माती पाण्यात कालवून तिच्यातले क्षार मोजले, आणि पर्क्लोरेट नावाचा क्षार निघाला, अर्ध्या टक्क्याच्या आसपास. कुणाच्या ध्यानीमनी नव्हतं. पर्क्लोरेट म्हणजे क्लोरिनला चार ऑक्सिजन चिकटलेला क्षार. थंडीत तो निमूट बसतो, तापवला की ऑक्सिजन सोडतो. म्हणून तो फटाक्यांच्या दारूत आणि रॉकेटांच्या घन इंधनात वापरतात. आता बीमन यांची भट्टी आठवा. माती पाचशे अंशांवर तापवली. मातीत कार्बनी पदार्थ असते तर त्याच क्षणी पर्क्लोरेटनं ते जाळले असते. मेक्सिकोचे राफाएल नवारो-गोन्सालेस यांनी २०१० मध्ये हे करूनच दाखवलं. चिलीतल्या अटाकामा वाळवंटाची माती घेतली, जिच्यात थोडे कार्बनी पदार्थ आहेत हे माहीत होतं, तिच्यात पर्क्लोरेट मिसळलं आणि तापवलं. काय निघालं? क्लोरोमिथेन आणि डायक्लोरोमिथेन. यंत्र धुतल्याचे डाग म्हणून ज्यांची विल्हेवाट लावली होती तेच दोन रेणू. बीमन यांनी हे मान्य केलं नाही आणि त्यांच्या काही हरकती वजनदार होत्या. पण पुढं गेल विवरातल्या क्युरिऑसिटी रोव्हरनं पर्क्लोरेटही दाखवलं आणि कार्बनी रेणूही. तीन अब्ज वर्षांपूर्वीच्या तळ्यातल्या गाळाच्या खडकात त्याला २०१८ पर्यंत गंधकयुक्त कार्बनी रेणू मिळाले, आणि २०२५ मध्ये दहा ते बारा कार्बनच्या साखळ्याही. देह नाही म्हणून प्राण नाही, हा युक्तिवाद पडला.

लेव्हिन जिंकले का मग? नाही. त्याच पर्क्लोरेटनं त्यांचाही पाय ओढला. २०१३ मध्ये रिचर्ड क्विन आणि सहकाऱ्यांनी पर्क्लोरेटवर गॅमा किरणांचा मारा केला. मंगळाला दाट हवेचं पांघरूण नाही, ग्रहभर चुंबकीय क्षेत्र नाही, त्यामुळं तिथल्या मातीवर असा मारा अहोरात्र चालू असतो. माऱ्यानंतर पर्क्लोरेटमध्ये हायपोक्लोराइट तयार होतं आणि ऑक्सिजन अडकून राहतो. हायपोक्लोराइट खाद्यद्रवातल्या पदार्थांवर तुटून पडून वायू काढतं. अडकलेला ऑक्सिजन पाणी लागलं की सुटतो. म्हणजे लेव्हिन आणि ओयामा दोघांचेही निकाल एकाच निर्जीव क्षारातून निघू शकतात.

माझं मत सांगतो, आणि त्याच्याशी सहमत न होणारे इथं असतील. १९७६ ला ‘हो’ न म्हणणं योग्यच होतं. चुकलं ते ‘नाही’वर शिक्का मारून दप्तर बांधणं. निकालाचा खरा अर्थ एवढाच होता की कसोटीच अपुरी होती. भाजल्यावर बंद पडतं ते जिवंत, ही कसोटी पृथ्वीच्या मातीवर घासून तयार झालेली. आणि पृथ्वीच्या मातीत सगळीकडे जंतू आहेत. निर्जीव माती स्वतःच्या बळावर काय काय करू शकते, हे इथं पाहायला मिळतच नाही. ते आधी शिकायला हवं होतं. क्रम उलटा झाला, आणि क्षारांची साधी तपासणी, जी आपल्याकडे शेतकरी माती परीक्षण केंद्रात करून घेतो, ती बत्तीस वर्षांनी झाली.

(इंग्रज शास्त्रज्ञ जेम्स लव्हलॉक यांनी १९६५ मध्येच जेट प्रोपल्शन लॅबोरेटरीला सांगितलं होतं की तिथं जायचीसुद्धा गरज नाही, हवा बघा, जिथं जीवन आहे तिथल्या हवेत एकमेकांशी न जमणारे वायू एकत्र नांदतात, आणि मंगळाची हवा जवळजवळ निव्वळ कार्बन डायऑक्साइडची आहे, सुस्त. यानं पाठवायला निघालेल्या लोकांना हे रुचेल कसं?)

हा निरीक्षण आणि अनुमानातला पेच दूरच्या देशातला नाही. २० एप्रिल २००५ ला हैदराबादहून इस्रोचा एक बलून एक्केचाळीस किलोमीटरपर्यंत गेला. डॉ. जयंत नारळीकर त्या प्रयोगाच्या प्रमुखांपैकी. त्या उंचीवरची हवा निर्जंतुक नळकांड्यांत भरून खाली आणली, आणि हैदराबादची सीसीएमबी प्रयोगशाळा व पुण्याची राष्ट्रीय पेशीविज्ञान संस्था अशा दोन ठिकाणी वेगवेगळी तपासली. जिवाणूंच्या बारा आणि बुरशीच्या सहा वसाहती मिळाल्या. त्यांतले तीन जिवाणू नव्या जातींचे होते. एकाला खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉयल यांचं नाव मिळालं, एकाला आर्यभटाचं, एकाला इस्रोचं. जीवनाचं बीज अवकाशातून आलं असावं, ही नारळीकरांना आणि हॉयलना जवळची वाटणारी कल्पना होती. मोह किती मोठा असेल पाहा. तरीही २००९ मध्ये निकाल जाहीर करताना त्या गटानं म्हटलं की हे जंतू पृथ्वीबाहेरून आल्याचं यातून ठामपणे सिद्ध होत नाही. आवडत्या अनुमानाला रकान्याबाहेर ठेवणं याला म्हणतात.

आपलं मंगळयान मिथेन, म्हणजे जंतूही सोडतात तो वायू, शोधायला गेलं होतं, हे तुम्हाला आठवत असेल. ५ नोव्हेंबर २०१३ ला निघालं, २४ सप्टेंबर २०१४ ला मंगळाच्या कक्षेत पोचलं, साडेचारशे कोटींत. सहा महिन्यांसाठी पाठवलेलं यान जवळपास आठ वर्षं टिकलं. मिथेनबद्दल ठाम काही सांगता येईल अशी मोजणी मात्र त्यातून हाती आली नाही. त्या उपकरणाचा उपयोग मंगळाच्या पृष्ठभागावरून परावर्तित होणारा उजेड मोजायला झाला. पहिल्या खेपेला कक्षेत जाऊन बसणं हेच मोठं काम होतं, त्यात कमीपणा नाही. मिथेनचं कोडं तसंही सगळ्यांनाच छळतंय. क्युरिऑसिटीला जमिनीलगत तो सरासरी अब्जात अर्ध्या भागापेक्षाही कमी दिसतो, ऋतूंप्रमाणे कमीजास्त होतो, आणि जून २०१९ मध्ये एकदा एकदम एकवीसपर्यंत उसळला. युरोपचं ट्रेस गॅस ऑर्बिटर वरून बघतं तर त्याला तो मुळीच दिसत नाही. सूर्यप्रकाशात मिथेन संपायला तीनेकशे वर्षं लागायला हवीत, तर मग खालचा मिथेन वर जाताना होतो कुठं?

आता आजचा पेच. पर्सिव्हिअरन्स हा रोव्हर १८ फेब्रुवारी २०२१ ला जेझेरो विवरात उतरला. पंचेचाळीस किलोमीटर रुंदीचं हे विवर, एकेकाळचं तळं, आणि त्यात येऊन मिळणाऱ्या नदीचा त्रिभुज प्रदेश तिथं शिल्लक आहे. जुलै २०२४ मध्ये त्या नदीच्या पात्रात त्याला मीटरभर लांबीचा, बाणाच्या टोकासारखा एक तांबूस खडक दिसला. चेयावा फॉल्स असं त्याचं नाव ठेवलंय. चिखलाचा घट्ट झालेला खडक, त्यात पांढऱ्या शिरा, आणि मधल्या पट्ट्यात बिबट्याच्या अंगावर असावेत तसे मिलिमीटरभराचे फिकट ठिपके, काळ्या कडांचे. कडांमध्ये लोहाचं फॉस्फेट म्हणजे व्हिव्हियनाइट सापडलं असावं आणि लोहाचं सल्फाइड म्हणजे ग्रेगाइट. खडकात कार्बनी पदार्थही आहे.

सूक्ष्मजीवशास्त्राच्या माणसाला हे वाचताना अंगावर काटा येतो, कारण ही खनिजं आपल्या ओळखीची आहेत. खाडीच्या काळ्या चिखलात, दलदलीत, हवा न पोचणाऱ्या गाळात जिवाणू असंच जगतात. ऑक्सिजन नसतो तेव्हा ते कार्बनी पदार्थ खातात आणि इलेक्ट्रॉन देऊन टाकतात गंजलेल्या लोहाला नाहीतर सल्फेटला. मागे उरतं ते हेच. जोएल हुरोविट्झ आणि सहकाऱ्यांचा निबंध सप्टेंबर २०२५ मध्ये ‘नेचर’मध्ये आला. त्यात शब्द वापरलाय तो ‘संभाव्य जैवखूण’. संभाव्य हे विशेषण नम्रतेपोटी आलेलं नाही. कार्बनी पदार्थ जंतूंशिवायही लोहाला क्षपित करू शकतो. सल्फेटचं सल्फाइड मात्र जंतूंशिवाय व्हायला चांगलाच ताप लागतो, शंभर-सव्वाशे अंशांच्या वरचा, आणि हा खडक तसा तापल्याची चिन्हं दिसत नाहीत. म्हणजे पारडं थोडं झुकलंय. थोडंच.

नासाच्या शास्त्रज्ञांनी २०२१ मध्ये अशा दाव्यांसाठी सात पायऱ्या सुचवल्या आहेत. पहिली, खूण सापडली. दुसरी, ती आपण नेलेली घाण नाही. तिसरी, तिथल्या परिस्थितीत जीव अशी खूण निर्माण करू शकतो. चौथी, निर्जीव कारणं एकेक करून बाद केली. पुढच्या तीन पायऱ्या स्वतंत्र पुराव्यांच्या आहेत. व्हायकिंग चौथ्या पायरीवर अडखळलं, तेही तिसऱ्या पायरीवर पाय न ठेवता. पर्सिव्हिअरन्सवर त्या धड्याची खूण दिसते. त्यात त्रेचाळीस नळ्या आहेत, आणि त्यांतल्या पाच मुद्दाम साक्षीदार म्हणून नेलेल्या. त्यांत खडक भरायचा नाही. फक्त उघडायच्या आणि बंद करायच्या. उद्या नमुन्यात काही सापडलं तर आधी साक्षीदार नळी तपासायची, त्यात तेच सापडलं तर ते इथूनच गेलेलं. कंट्रोलसाठी पाच जागा राखून ठेवायला जो संयम लागतो तो एक अब्ज डॉलरच्या व्हायकिंगनं शिकवलेला आहे.

चौथी पायरी चढायचं काम बरंचसं पृथ्वीवर करता येतं, आणि त्यात आपला वाटा असू शकतो. मंगळाचं कवच बेसाल्टचं, आणि आपण सह्याद्रीचे लोक बेसाल्टवरच राहतो. बुलडाण्यातलं लोणार हे बेसाल्टमध्ये उल्कापातानं झालेलं, सुमारे १.८ किलोमीटर रुंदीचं विवर मंगळाच्या अभ्यासकांना म्हणून प्रिय आहे. तिथलं पाणी खारं आणि अल्कधर्मी. जून २०२० मध्ये ते गुलाबी झालं तेव्हा गावोगावी चमत्काराची चर्चा झाली. पुण्याच्या आघारकर संस्थेनं तपासलं तर ते मिठात राहणाऱ्या सूक्ष्मजीवांचं रंगद्रव्य निघालं. कच्छमधल्या मातानामढला जॅरोसाइट मिळतं, मंगळावर सापडलेलं तेच खनिज. आणि १८६५ च्या २५ ऑगस्टला बिहारमध्ये गया जिल्ह्यातल्या शेरघाटीला सुमारे पाच किलोची उल्का पडली. ती मंगळाची आहे हे कळायला शंभराहून अधिक वर्षं जावी लागली. अंटार्क्टिकात सापडलेल्या तिच्याच जातीच्या एका उल्केत अडकलेला वायू व्हायकिंगनं मोजलेल्या मंगळाच्या हवेशी तंतोतंत जुळला, तेव्हा कुठं ही सगळी जात मंगळाची ठरली. जगभर तिला शेरगोटाइट म्हणतात. व्हायकिंगनं जीवाचा प्रश्न सोडवला नाही, पण त्याच्या हवेच्या मोजणीमुळं मंगळाचे दगड आपल्या कपाटात असल्याचं आपल्याला समजलं.

चेयावा फॉल्सचा नमुना मात्र कपाटात नाही. तो काढला २१ जुलै २०२४ ला. तेरा मिलिमीटर व्यासाचा खडकाचा दंडगोल, नाव सफायर कॅन्यन, नळीत बंद, रोव्हरच्या पोटात. तो आणायची अमेरिकेची आणि युरोपची योजना होती. २०२४ मध्ये खर्चाचा अंदाज अकरा अब्ज डॉलरवर आणि परतीची तारीख २०४० वर गेली, आणि अर्थसंकल्पाच्या ओढाताणीत ती योजना त्या रूपात मोडीत निघाल्यात जमा आहे. चीनचं थिएनवेन-३ हे २०२८ च्या सुमाराला निघून २०३१ च्या आसपास मंगळाची माती आणायचं म्हणतंय, पण ते दुसरीकडे उतरेल. युरोपचा रोझलिंड फ्रँकलिन रोव्हर दोन मीटर खोल खणेल, किरणांचा मारा पोचत नाही तिथवर. तो रशियाशी फाटल्यामुळं रखडला, आता २०२८ ला निघायचाय.

नळी आली तर काय करतील, ते सांगून थांबतो. ग्रेगाइटमधलं गंधक मोजतील. निसर्गात हलकं आणि जड असं गंधक असतं, आणि जिवाणू हलकं आधी उचलतात, कारण त्याला कष्ट कमी. खनिजात हलकं गंधक नेहमीपेक्षा जास्त निघालं तर जिवाणूंचा संशय बळावेल. मग कुणीतरी उठून म्हणेल की असा फरक अमुक तापमानाला निर्जीव क्रियेतूनही पडतो, आणि त्याला प्रयोगशाळेत ते करून दाखवावं लागेल. भांडण लागेल, बहुधा आणखी वीस-पंचवीस वर्षांचं. माझी एवढीच मागणी आहे की त्या वेळी समितीत हॉरोविट्झसारखा कसलेला शंकेखोर असावा, आणि लेव्हिनसारखा, निकाल आपल्या बाजूनं लागत नाही म्हणून गप्प न बसणारा, एक तरी इंजिनिअर असावा. दोघांपैकी कुणालाही बाहेर काढू नये.

वेळ संपली असं अध्यक्ष खुणावतायत. मिथेनबद्दल कुणाला विचारायचं असेल तर आता विचारा. पत्रिकेतल्या मंगळाबद्दल नको.